डावखुऱ्यांचा देश

अकरा विरुद्ध एक. काल न्यू जर्सीतल्या एका वाचनालयाच्या तळघरात मी मतदानात आपटलो, आणि त्या अकरांत माझी सख्खी मुलगी होती.

साउंडीज नावाच्या जुन्या फिती दाखवत होते. एक फीत म्हणजे एक गाणं, तीनेक मिनिटांचं. १९४० च्या दशकात अमेरिकेतल्या बारमध्ये पॅनोरम नावाचं कपाटाएवढं यंत्र असायचं. दहा सेंटचं नाणं टाकायचं आणि गाणं बघायचं. निवड नाही, रिळावर आठ गाणी, नंबर लागेल ते तुमचं. पंगतीत वाढपी आणेल ते घ्यावं तसं, फक्त इथे प्रत्येक वाढीला पैसे.

पडद्यावर १९४६ चा गिटारवादक मर्ल ट्रॅव्हिस. अंगठ्यानं खर्ज, तर्जनीनं सूर. डोळे मिटले तर दोघं वाजवतायत असं वाटावं. पण गिटार डाव्या हाताची. पुढच्या फितीत फिडलवालाही डावरा.

"बघितलंत? सगळे आमच्यातले!" शेजारचे हॅटवाले आजोबा डावा हात उंचावून म्हणाले.

मी म्हटलं, आजोबा, चित्र उलटं आहे. पॅनोरममध्ये प्रकाश आरशांवरून फिरून मागून पडद्यावर पडायचा, म्हणून फीतच उलटी छापत. साध्या प्रोजेक्टरवर लावली की सगळे डावरे.

"कुणी सांगितलं?"

"शर्टानं. पुरुषाच्या शर्टाची काजं डाव्या पट्टीला असतात. याची उजवीला आहेत."

चाळीस वर्षं शिलाई मशीन चालवलंय मी! आजोबांनी पडद्याकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं. "बायकोचा शर्ट असेल," म्हणाले. "गरिबी होती तेव्हा."

"आणि फिडलवाल्याचा?"

"त्यालाही बायको असेल की."

यावर काय बोलणार? तरी बोललो. जरा मोठ्यानं. मग संयोजक बाई गोड हसत आल्या आणि म्हणाल्या, सगळ्यांच्या मताचा आदर करू या, हात वर करा. काजं कुठल्या बाजूला, यावर मतदान! आजोबांनी अर्थात डावा हात वर केला. मुलगी पुटपुटली, "बाबा, सोडा ना," आणि तिचाही हात वर. हिच्या शाळेचे सगळे गणवेश मी शिवलेत.

निघताना आजोबांनी प्रेमानं हात पुढे केला. डावाच. तेव्हा दिसलं, त्यांच्या शर्टाचं पोटावरचं बटण एका दोऱ्यावर लोंबत होतं. सुईदोरा माझ्या खिशात कायम असतो.

काढला नाही.