स्टीमवरची गेम काढून टाकली की पैसे परत येतात? नाही येत, आणि बाकीचंही बरंच खोटं आहे

आमच्या ताईच्या मनीषनगरच्या सोसायटीच्या ग्रुपवर स्टीमबद्दल, म्हणजे पीसीवरच्या गेम्स विकत घ्यायच्या आणि खेळायच्या ॲपबद्दल, एक लांबलचक मेसेज आला, तिथून तो भाच्याच्या कॉलेजच्या ग्रुपवर गेला, आणि आता जो तो मलाच पाठवून विचारून राहिला की हे खरं आहे का. प्रत्येकाला वेगळं उत्तर टाईप करत बसण्यापेक्षा एकदाच सगळं लिहून टाकतो, कारण हा मेसेज नुसता चुकीचा नाही, त्याच्यामुळे आमच्या घरच्या पोट्ट्याचं खरोखर नुकसान झालंय.

ज्यांनी तो वाचला नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो. मेसेज म्हणतो की एक, स्टीमच्या लायब्ररीत, म्हणजे तुमच्या सगळ्या गेम्सच्या यादीत, गेम हाईड केली (लपवली) की पीसीवरची जागा मोकळी होते. दोन, हाईड केलेली गेम कुणालाच दिसत नाही, मित्रांनाही नाही, आणि चीटिंगचा बॅन असेल तर तोही झाकला जातो. तीन, हाईड केलेल्या गेम्सचं फोल्डर पासवर्डनं बंद असतं, त्यामुळे पोरगं गेम हाईड करत असेल तर ते नक्की काहीतरी घाणेरडं खेळतंय असं आईवडिलांनी समजावं. चार, जुनी गेम अकाउंटमधून कायमची काढली की तिचे पैसे सात दिवसांत स्टीमवरच्या तुमच्या वॉलेटमध्ये जमा होतात. पाच, सरकारच्या नव्या गेमिंग कायद्यामुळे मारामारीच्या गेम्स लायब्ररीत दिसल्या तर अकाउंट बंद होणार. आणि सहा, हे सगळं एका झटक्यात करायचं असेल तर खालच्या लिंकवर स्टीमचं लॉगिन टाका.

मी चौथ्यापासून सुरू करतो, कारण आग तिथे लागली आहे.

भाच्यानं दहावीच्या सुट्टीत, समर सेलमध्ये, वाढदिवसाला मिळालेल्या पैशातून एकाच सिरीजच्या तीन गेम्सचं पॅकेज घेतलं होतं. पहिली खेळून संपवली होती, दुसरी अर्धवट, तिसरीला हातही लावला नव्हता. मेसेज वाचून त्याला वाटलं पहिली तर झालीच आहे, तिचे पैसे आले तर दुसरं काहीतरी घेता येईल, म्हणून सपोर्टच्या पानावर जाऊन त्यानं ती कायमची काढून टाकली. मग मला फोन, "मामा, पैसे तं आलेच नाही, अन् बाकीच्या दोन पण दिसून नाही राहिल्या." दिसणार कशा? एका पॅकेजमध्ये घेतलेल्या गेम्सचं लायसन्स एकच असतं, त्यातली एक काढली की तिच्यासोबत आलेल्या बाकीच्याही जातात. काढण्याआधी स्टीम विचारतं, इशारा देतं, सोबत काय काय जाणार तेही दाखवतं, पण ज्याला आधीच सांगून ठेवलंय की पैसे मिळणार आहेत तो पोट्टा ते इंग्रजी वाचत बसत नाही, खालचं बटण दाबतो. मी त्याला दोष देत नाही. दोष ज्यानं हे लिहिलं त्याचा आहे, आणि न तपासता पुढे ढकलणाऱ्या प्रत्येकाचा.

आता पैसे परत मिळण्याचा खरा नियम सांगतो. स्टीमच्या स्वतःच्या रिफंडच्या पानावर तो सरळ लिहिलेला आहे, कुणीही उघडून वाचा. गेम विकत घेऊन १४ दिवसांच्या आत आणि ती २ तासांपेक्षा कमी खेळली असेल तर रिफंड मागता येतो. कारण काहीही चालतं, पीसीवर चालली नाही, आवडली नाही, एवढंही पुरतं. पैसे वॉलेटमध्ये किंवा ज्या मार्गानं भरले त्या मार्गानं परत येतात. १४ दिवस किंवा २ तास ओलांडले तरी विनंती टाकता येते, ते बघतात, पण देतीलच असं नाही. त्याच पानावर हेही लिहिलंय की फुकट खेळायला मिळावं म्हणून कुणी रिफंडचा गैरवापर करून राहिला असं वाटलं तर त्याला रिफंड देणं बंद होऊ शकतं. पण एखादी गेम घेतली आणि लगेच सेल लागला, तर रिफंड घेऊन तीच गेम सेलच्या भावात पुन्हा घेणं याला ते गैरवापर मानत नाहीत. पैसे वाचवायचा हा सरळ आणि अधिकृत मार्ग आहे, फिरवायचंच असेल तर हे ग्रुपवर फिरवा नं.

मेसेजवाल्याचा घोळ कुठे झाला असावा हेही मला दिसतं. रिफंड मंजूर झाला की ती गेम अकाउंटमधून जाते, हे खरंय. ते यानं उलटं फिरवलं आणि गेम गेली की पैसे येतात असं लिहून टाकलं. रिफंडची विनंती न टाकता गेम नुसती काढली तर एक रुपयाही येत नाही. ज्यांनी हा मेसेज वाचून काही काढलंय त्यांनी लगेच पुन्हा विकत घेऊ नका, आधी स्टीम सपोर्टवर त्या गेमचं नाव शोधून तिथे विनंती टाका. आम्हीही तेच केलंय.

आणि एक गोष्ट लोकांना अजून माहीतच नाही म्हणून सांगतो. स्टीमवर गेम घेता म्हणजे तुम्ही ती खेळायचं लायसन्स घेता. २०२४ च्या ऑक्टोबरपासून तर पैसे भरायच्या आधी कार्टमध्येच तसं लिहून येतं, कारण कॅलिफोर्नियात तसा कायदा झाला जो १ जानेवारी २०२५ पासून लागू आहे. दुकानात परत नेऊन देता येईल अशी वस्तू तुमच्याकडे नसते, मग जुनी झाली म्हणून ती विकून पैसे येतील हा विचारच बाद होतो.

जागेचा मुद्दा लवकर संपवतो. हाईड केल्यानं एक एमबीसुद्धा मोकळी होत नाही. आपण नागपुरात पाऊस लागला की कूलर उचलून मागच्या खोलीत ठेवतो, तो समोर दिसत नाही पण घरातच असतो आणि जागाही तेवढीच अडवतो, हाईडचं अगदी तसंच आहे. इन्स्टॉल केलेली गेम हाईड केली तरी तिच्या फाइल्स डिस्कवर तशाच राहतात. बाल्डर्स गेट ३ सारख्या गेमला १५० जीबी जागा लागते, ती हाईड करून कुणी एसएसडी रिकामी व्हायची वाट बघत असेल तर आयुष्यभर बघत राहील. जागा पाहिजे तर अनइन्स्टॉल करा. अनइन्स्टॉल केल्यानं गेम अकाउंटमधून जात नाही, उद्या मन झालं तर पुन्हा डाउनलोड करता येते. सेटिंग्जमध्ये स्टोरेज म्हणून भाग आहे, कोणत्या गेमनं किती जागा खाल्ली ते तिथे दिसतं, दुसरी ड्राइव्ह असेल तर गेम तिकडे हलवताही येते.

आता दिसण्या न दिसण्याचं. इथे अर्धवट खरं आहे ते मान्य करावं लागेल. हाईड केल्यावर गेम तुमच्या स्वतःच्या लायब्ररीच्या यादीतून नजरेआड होते, एवढं बरोबर. पण तिथेच ते थांबतं. तुमचं प्रोफाइल उघडं असेल तर मित्रांना ती गेम तुमच्याकडे आहे हे दिसतं, किती तास खेळलात, कोणत्या अचिव्हमेंट मिळाल्या तेही दिसतं, आणि तुम्ही ती चालू केली की चालू केलीय हेसुद्धा कळतं. मित्रांपासून खरंच लपवायची असेल तर त्यासाठी वेगळी सोय आहे, मार्क ॲज प्रायव्हेट, जी २०२४ मध्ये सगळ्यांना मिळाली. गेमवर राइट क्लिक करून मॅनेजमध्ये गेलं की हाईडच्या शेजारीच सापडते. त्यानं ती गेम तुमच्याकडे असणं, तुम्ही खेळून राहिलात हे, आणि खेळलेले तास, हे सगळं मित्रांपासून झाकलं जातं. विकत घेतानाच कार्टमध्ये प्रायव्हेट निवडता येतं. आणि सगळीच लायब्ररी झाकायची असेल तर प्रोफाइलच्या प्रायव्हसी सेटिंग्जमध्ये गेम डिटेल्स प्रायव्हेट करून टाका, विषय संपला. मेसेज लिहिणाऱ्यानं या तीन वेगळ्या गोष्टी एकात कोंबल्या आहेत.

बॅनबद्दल एकच सांगतो, व्हॅक बॅन, म्हणजे स्टीमच्या चीटिंग पकडणाऱ्या यंत्रणेनं लावलेला बॅन, गेम हाईड केल्यानं झाकला जात नाही, प्रोफाइलवर तो दिसतोच. तो कायमचा असतो आणि सपोर्टला कितीही विनवण्या केल्या तरी काढत नाहीत. उलट ज्या गेममध्ये असा बॅन लागला तिचा रिफंड मागायचा हक्कही जातो.

तिसऱ्या मुद्द्यानं मला सगळ्यात जास्त राग आला. ताईनं तो वाचला आणि भाचा क्लासला गेला असताना त्याच्या पीसीसमोर जाऊन बसली. अठरा वर्षांचा पोरगा, कधी उलटून न बोलणारा, आणि एका फॉरवर्डमुळे आईच्या मनात आलं की हा काहीतरी लपवून राहिला. मला फोनवर म्हणे, "तो पासवर्ड कसा उघडायचा रे?" अगं ताई, तिथे पासवर्ड नसतोच! वरच्या व्ह्यू मेनूत हिडन गेम्स म्हणून लिहिलेलं आहे, क्लिक केलं की सगळी यादी समोर येते. परत आणायची तर राइट क्लिक, मॅनेज, आणि हिडनमधून काढा. एवढंच. तिनं उघडलं तर आत काय होतं? संपलेल्या गेम्स, फुकटच्या म्हणून घेतलेले डेमो, बंडलमधून आलेल्या आणि कधी न उघडलेल्या गेम्स. पोट्टे हाईड करतात ते बहुतेक याचसाठी. सेलमध्ये शंभर रुपयांत काय काय घेतलेलं असतं, यादी लांबत जाते, आणि रोज खेळायच्या चार गेम्स त्यात सापडत नाहीत. त्यासाठी २०१९ पासून लायब्ररीत कलेक्शनही आहेत, संपलेल्या एकीकडे, मित्रांसोबतच्या एकीकडे असे कप्पे करून ठेवता येतात, भाच्याला मी आता तेच लावून दिलंय.

स्टीमवर मोठ्यांसाठीच्या गेम्स नाहीत असं मी म्हणत नाही. आहेत, आणि घरात लहान मूल असेल तर काळजी बरोबर आहे. पण त्यासाठी हिडनची यादी चोरून बघणं हा उपाय नाही. २०२४ च्या सप्टेंबरपासून स्टीम फॅमिलीज आहे, घरचे ६ जण एकत्र येऊ शकतात, मुलाच्या अकाउंटवर कोणत्या गेम्स उघडायच्या, रोज किती वेळ खेळायचं हे आईवडील ठरवू शकतात, मुलानं काही घ्यायचं म्हटलं तर विनंती तुमच्याकडे येते. वर गेम्स एकमेकांच्या लायब्ररीतून खेळता येतात, म्हणजे पैसेही वाचतात. एक लक्षात ठेवा, तुमच्या मालकीची गेम खेळताना घरच्या दुसऱ्या कुणी चीटिंग केलं तर त्या गेममध्ये बॅन तुम्हालाही लागतो, म्हणून फॅमिलीत गल्लीतल्या मित्रांना घेऊ नका. अठरा वर्षांच्या मुलाला मात्र सरळ विचारा. तो सांगेल.

कायद्याचं म्हणाल तर, २०२५ च्या ऑगस्टमध्ये संसदेनं ऑनलाइन गेमिंगचा जो कायदा केला त्यात बंदी आहे ती पैसे लावून खेळायच्या ऑनलाइन गेम्सवर. ई-स्पोर्ट्स आणि करमणुकीच्या गेम्स त्यात वेगळ्या ठेवल्या आहेत. पीसीवर घेतलेली मारामारीची गेम लायब्ररीत दिसली म्हणून अकाउंट बंद होईल असं त्यात कुठेही नाही, आणि हाईड करून कायद्यातून सुटता येतं ही तर कल्पनाच चुकीची.

राहिली ती लिंक. माझ्या मते वरचे पाचही मुद्दे लिहिले गेले ते लोकांनी इथपर्यंत यावं म्हणून, आधी घाबरवायचं, मग पैशाचं आमिष दाखवायचं आणि मग लॉगिन मागायचं. स्टीमची लायब्ररी साफ करून देणारी अशी कुठलीही अधिकृत बाहेरची साइट नाही. हाईड करायला, प्रायव्हेट करायला, काढायला जे लागतं ते सगळं स्टीमच्या ॲपमध्ये आणि स्टीमच्याच साइटवर आहे. मेसेजमधल्या त्या लिंकवर पासवर्ड टाकला आणि वर स्टीम गार्डचा, म्हणजे लॉगिनच्या वेळी येणारा, कोडही दिला की समोरचा तुमच्या अकाउंटमध्ये आत आलाच, मग वॉलेट, स्किन्स (गेममधल्या सजावटीच्या वस्तू, ज्या विकता येतात), सगळं त्याच्या हातात. ज्यांनी लिंक उघडून काही टाकलंय त्यांनी लाजत बसू नका. आत्ताच स्टीमचा पासवर्ड बदला, तोच पासवर्ड ईमेलला असेल तर तिथलाही बदला, स्टीम गार्डच्या पानावर जाऊन सगळ्या डिव्हाइसेसना लॉगआउट करा, आणि अकाउंटवर तुम्ही न बनवलेली एपीआय की, म्हणजे बाहेरच्या प्रोग्रामला तुमच्या अकाउंटशी जोडणारी किल्ली, दिसली तर ती रद्द करा, कारण पासवर्ड बदलल्यावरही तिच्या जोरावर हे लोक ट्रेडमध्ये, म्हणजे वस्तूंच्या देवाणघेवाणीत, घुसून स्किन्स पळवतात. बँकेतून किंवा कार्डावरून पैसे गेले असतील तर सायबर फसवणुकीच्या १९३० या हेल्पलाइनवर लगेच फोन लावा, जितका उशीर तितकी पैसे अडवायची शक्यता कमी.

ताईच्या ग्रुपच्या ॲडमिनना मी मेसेज काढायला सांगितलंय, त्यांनी काढलाही. तुमच्या ग्रुपवर असेल तर तिथेही काढायला लावा, आणि रिफंडचा तो १४ दिवस, २ तासांचा नियम मेसेजच्या जागी टाका.