आभल्याभोवतीचा दोरा

परदेशातून : ऑस्लो

पुरुषांच्या मासिकात संगणकाने घडवलेली बाई किंवा तरुण छापून आला, की बडोद्याच्या दांडिया बाजारातल्या गप्पा लगेच शालीनतेवर येतात. चिंता खरी आहे, पण जुनी. ‘प्लेबॉय’ने ऑक्टोबर 2004 च्या अंकात व्हिडिओ गेममधल्या नायिका उघड्या अंगाने छापल्या, तेव्हाही हाच प्रश्न होता. मात्र त्या खोट्या आहेत हे वाचकाला दिसत होतं. ‘टूम रेडर’ गेमची नायिका, 1996 ची लारा क्रॉफ्ट, गेममध्ये जेमतेम काहीशे पॉलिगॉनची, म्हणजे सपाट तुकड्यांच्या जाळीची होती. कुठल्याही मासिकात छापायचं तर वेगळं, दाट जाळीचं चित्र करावं लागे. कारण 300 डीपीआयला, म्हणजे इंचाला 300 ठिपके धरून, ए-फोर पान म्हणजे 2480 गुणिले 3508 पिक्सेल, आणि तिथे गेमची जाळी कोपऱ्याकोपऱ्यांत उघडी पडते. ते अंग कलाकार घडवायचा. आता एआयचं यंत्र खऱ्या माणसांच्या असंख्य फोटोंवर शिकून चेहरा काढतं आणि वाचकाला पत्ता लागत नाही. माझा आक्षेप इथे आहे.

गरब्यात घालतात ते केडियू, म्हणजे छातीखाली चुण्यांचा घेर असलेला आखूड अंगरखाच घ्या. खऱ्या भरतकामात आभल्यावर, म्हणजे कापडावरच्या छोट्या आरशावर, आधी आडव्या-उभ्या दोऱ्यांची चौकट ताणतात, मग त्या चौकटीत सुई अडकवत भोवती गोल टाका फिरवतात. यंत्राच्या चित्रात आरसा लखलखतो, भोवती दोराच नसतो. छातीखालच्या चुण्या शिवणीतून न निघता मधूनच उगवतात. बांधायच्या नाड्यांची गाठ दिसते, पण एक टोक कापडात विरून जातं. यंत्राला कोणत्या ठिपक्याशेजारी कोणता ठिपका येतो हे कळतं, कापड कसं बेततात ते नाही. गिऱ्हाईक ते पान घेऊन शिंप्याकडे जातं, आणि तसं केडियू शिवताच येत नाही!

नॉर्वेत 1 जुलै 2022 पासून जाहिरातीतल्या माणसाच्या अंगाची ठेवण, आकार किंवा त्वचा बदलली असेल, तर ठरावीक शिक्का सक्तीचा आहे. तो चित्राची सुमारे सात टक्के जागा घेतो. पण हा नियम जाहिरातींपुरताच. संपादकीय पानं मोकळी. भारतात यंत्राने बनवलेल्या ऑनलाइन मजकुरासाठीच्या नियमांच्या ऑक्टोबर 2025 च्या मसुद्यात दहा टक्के जागेवर खूण मागितली होती, अंतिम नियमांत ती टक्केवारी राहिली नाही. ती राहायला हवी होती. माप नसलं की खूण बारीक होत जाते: 2025 मध्ये अमेरिकन फॅशन मासिक ‘व्होग’मधल्या ‘गेस’ या कपड्यांच्या ब्रँडच्या जाहिरातीत मॉडेल यंत्राने बनवल्याचा उल्लेख अगदी लहान अक्षरांत होता.

बडोद्याच्या दुकानदारांनी आणि संपादकांनी कायद्याची वाट पाहू नये. कपड्याचा फोटो खराच घ्या. खूण किमतीएवढ्या अक्षरांत, चित्रावरच छापा, पानाच्या घडीत नको. कोणाचं अंग स्कॅन करणार असाल, तर किती चित्रं, किती महिने, कुठल्या मालासाठी, हे करारात लिहा. ‘एच अँड एम’ या कपड्यांच्या कंपनीने 2025 मध्ये 30 मॉडेल्सची डिजिटल प्रतिरूपं जाहीर केली, तेव्हा हक्क मॉडेलकडेच राहतील असं सांगितलं होतं. आपल्याकडे दिवसाच्या पैशावर उभ्या राहणाऱ्या पोरांना हे कोणी सांगत नाही, आणि एका दिवसाच्या मजुरीत त्यांचं अंग कायमचं विकलं जातं.