हॅम्पडेन गरीब नव्हता, खटला जिंकला नव्हता आणि करविरोधी तर नव्हताच

आयकर भरायची मुदत जवळ आली की एक फॉरवर्ड फिरायला लागतो. त्यातला दावा थोडक्यात असा: सतराव्या शतकात इंग्लंडमधल्या जॉन हॅम्पडेन नावाच्या साध्या शेतकऱ्यानं २० शिलिंगांचा कर नाकारला, कोर्टात राजाला हरवलं, पुढं त्याच राजाचं मुंडकं उडवलं, म्हणून कर न भरणं हीच खरी लोकशाही. नाव, शतक आणि आकडा बरोबर आहे. बाकीच्याचं बघू.

साधा शेतकरी म्हणे! बकिंगहॅमशरमधल्या बड्या जमीनदारांत त्याची गणना होती. वडील लहानपणीच वारले आणि पिढीजात जमीनजुमला त्याच्याकडं आला. शिक्षण ऑक्सफर्डला, कायदा लंडनच्या इनर टेंपल या वकिलांच्या संस्थेत, १६२१ पासून पार्लमेंटात. पुढं राजाविरुद्ध लढलेला ऑलिव्हर क्रॉमवेल सख्खा मामेभाऊ. लेकानं सरदारकी मिळवावी, अशी आईची इच्छा होती. मजुराची दिवसाची रोजी जेमतेम शिलिंगभर असलेल्या त्या काळात २० शिलिंग मजुराला जड होते; हॅम्पडेनला ती चिल्लर. तीही फक्त स्टोक मँडेव्हिल या एका गावातल्या जमिनीवरची आकारणी.

आता तो कर. पहिला चार्ल्स १६२९ पासून पार्लमेंट न बोलावताच कारभार हाकत होता. संकटकाळी बंदरांनी जहाजं पुरवायची, ही जुनी रीत. चार्ल्सनं १६३५ मध्ये ती जहाजपट्टी आतल्या परगण्यांवरही बसवली. बकिंगहॅमशरला समुद्राचं दर्शनसुद्धा नाही. तरी हुकूम आला: ४५० टनांचं जहाज आणि १८० माणसं द्या, नाहीतर ४,५०० पौंड भरा. ग्रेट किंबल गावची नकार देणाऱ्यांची यादी आजही उपलब्ध आहे. तिच्यात हॅम्पडेनच्या नावापुढं तिथल्या जमिनीचे वेगळे ३१ शिलिंग ६ पेन्स आहेत, खाली गावातले तीसेक जण, आणि गंमत म्हणजे ज्यांनी वसुली करायची ते कॉन्स्टेबल आणि आकारणी करणारेही त्यातच! एकट्या शूरवीराची गोष्ट रंगवणाऱ्यांना ही यादी अडचणीची आहे.

‘कोर्टात हरवलं’ हे तर उघड खोटं. १२ न्यायाधीशांपुढं खटला चालला आणि १६३८ मध्ये ७ विरुद्ध ५ असा निकाल राजाच्या बाजूनं लागला. त्या पाचांतही दोघांनी हॅम्पडेनची बाजू घेतली ती तांत्रिक मुद्द्यावर. इतक्या निसटत्या फरकानं जिंकल्यामुळं राजाचीच शोभा झाली आणि वसुली पुढं ढासळत गेली, हे खरं. पण जहाजपट्टी बेकायदा ठरवली ती १६४१ मध्ये पार्लमेंटनं, कायदा करून.

मुंडक्याचं एका ओळीत आटपू. चार्ल्सचा शिरच्छेद जानेवारी १६४९ मध्ये झाला. हॅम्पडेन राजा आणि पार्लमेंट यांच्यातल्या यादवीत, १८ जून १६४३ ला चालग्रोव्हच्या चकमकीत जखमी होऊन सहा दिवसांनी थेममध्ये वारला होता.

राहिला मुख्य मुद्दा. हॅम्पडेनचा वकील ऑलिव्हर सेंट जॉन यानं कोर्टात काय मांडलं ते पाहा. देशाचं रक्षण हे राजाचं काम, हे त्यानं मान्यच केलं. त्याचा सवाल वेगळा होता: हुकूम निघाला ऑगस्टमध्ये आणि जहाज हजर करायचं पुढच्या मार्चमध्ये. हाताशी सात महिने असताना पार्लमेंट बोलवायला वेळ नव्हता का? भांडण पैसे देण्याचं नव्हतंच. ते मागण्याचा अधिकार कुणाचा, याचं होतं. १६२७ मध्ये राजाला सक्तीचं कर्ज द्यायला नकार देऊन हॅम्पडेन तुरुंगात गेला, तोही याच कारणासाठी.

आणि पार्लमेंटनं मागितले तेव्हा? यादवी पेटल्यावर फेब्रुवारी १६४३ मध्ये पार्लमेंटनं परगण्यांवर दर आठवड्याची वसुली लादली. जुलैत, हॅम्पडेन जाऊन महिना होतो न होतो तोच, बिअर, वाइन, तंबाखूवर अबकारी कर बसवला. जहाजपट्टी या ओझ्यापुढं काहीच नव्हती. त्यातली आठवड्याची वसुली लागू झाली तेव्हा हॅम्पडेन पार्लमेंटचा सदस्य होता, आणि ज्या फौजेच्या पगारासाठी ती होती त्याच फौजेत कर्नल.