मॅजिनो लाइनने दगा दिला नाही

गेल्या पंधरवड्यात एकच मजकूर मला तीन ठिकाणांहून आला. एकदा गल्लीच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर, एकदा माजी सैनिकांच्या आणि एकदा गडकोट हिंडणाऱ्या पोरांच्या. सोबत बेळगाव किल्ल्याच्या खंदकाचा फोटो. मजकूर थोडक्यात असा: दुसऱ्या महायुद्धाआधी फ्रान्सने जर्मन सीमेवर अब्जावधी फ्रँक ओतून मॅजिनो लाइन ही भुयारी दुर्गांची तटबंदी बांधली, जर्मन वळसा घालून आले, तोच पैसा रणगाड्यांवर घातला असता तर देश वाचला असता, आतले सैनिक न लढता शरण गेले, आणि आपले किल्लेही शेवटी असेच निकामी ठरले.

यातला सैनिकांवरचा आरोप मला सर्वांत जास्त लागला. मराठा लाइट इन्फन्ट्रीचे केंद्र ज्या गावात आहे, तिथल्या लोकांनी तरी असा मजकूर शहानिशा न करता पुढे पाठवू नये. पण क्रमाने जाऊ.

वळसा घालून आले, हे खरे आहे. पण शत्रूला वळसा घालायला लावणे हेच तर त्या तटाचे काम होते. पहिल्या महायुद्धात फ्रान्सची तेरा-चौदा लाख माणसे मेली. त्या वर्षांत मुलेही कमी जन्मली, त्यामुळे 1935 नंतर भरतीला येणाऱ्या तरुणांची संख्या घसरणार हे आधीच दिसत होते. फ्रान्सची लोकसंख्या चार कोटी, जर्मनीची साडेसहा कोटींच्या वर. राखीव सैनिक बोलावून फौज उभी करायला दोन-तीन आठवडे लागत, आणि लोरेनच्या लोखंडाच्या खाणी तर सीमेला लागूनच. म्हणून 1930 च्या जानेवारीत संसदेने पैसा मंजूर केला. पूर्वेची सीमा थोड्या माणसांत राखायची आणि वाचलेली फौज घेऊन बेल्जियमच्या भूमीवर शत्रूला सामोरे जायचे, असा बेत होता. ज्याचे नाव त्या तटाला मिळाले तो युद्धमंत्री आंद्रे मॅजिनो स्वतः व्हर्दनजवळ जखमी झालेला सार्जंट होता. माणसे वाचवण्याची तळमळ त्याला कुणी शिकवायला नको होती.

आपल्याकडे जिंजी घ्या. राजाराम महाराज तिथे असताना मोगलांचा वेढा 1690 पासून 1698 पर्यंत चालला. शेवटी जिंजी पडली. म्हणून जिंजी फुकट गेली असे कोणी म्हणतो का? औरंगजेबाची एवढी फौज तिथे गुंतली आणि बाहेर संताजी-धनाजींना रान मोकळे मिळाले. गडाची शिबंदी दिवस मिळवून देते. त्या दिवसांत बाहेरच्या फौजेने काय केले, तेही बघायला हवे.

मग तट समुद्रापर्यंत का नेला नाही? मजकुरात हा प्रश्न विचारलेलाच नाही. बेल्जियम 1920 पासून फ्रान्सशी लष्करी कराराने बांधलेला होता. आपल्या आणि मित्राच्या मध्ये तट घालणे म्हणजे त्याला शत्रूच्या तोंडी देणे. 1936 साली बेल्जियम पुन्हा तटस्थ झाला, तेव्हा फार उशीर झाला होता. लिलसारखी कारखान्यांची शहरे अगदी सीमेवर, आणि खाली फ्लँडर्सची पाणथळ जमीन. पावसाळ्यात बळ्ळारी नाल्याकाठच्या शिवारात खड्डा खणून बघा. हातभर गेलात की पाणी. तसल्या मातीत जमिनीखाली मजल्यावर मजले कसे उतरवणार, सांगा की!

आता आघाडी फुटली कुठे ते पाहू. सेदानला, म्यूज नदीवर, 13 मे 1940 रोजी. ही जागा मॅजिनो लाइनच्या भक्कम भागाच्या पश्चिमेला आहे. आर्देनच्या जंगलातून रणगाडे झटपट येणार नाहीत, असे धरून तिथे दुय्यम प्रतीच्या राखीव डिव्हिजन ठेवल्या होत्या आणि बरेच बंकर अर्धवट होते. जर्मनांनी दहापैकी सात रणगाडा डिव्हिजन त्याच जंगलातून आणल्या. अशा वेळी भगदाड बुजवायला जी राखीव फौज लागते, ती सातवी आर्मी सरसेनापती गामलँ यांनी आधीच हॉलंडमधल्या ब्रेडाकडे धाडली होती. 20 मेला जर्मन समुद्रकाठी पोचले आणि उत्तरेकडची सगळी फौज कापली गेली. ही चूक सेनापतींची, बुरुजांची नव्हे. एक टीका मात्र मला मान्य आहे: तटामुळे माणसे वाचायला हवी होती, तरी गामलँ यांनी त्याच्या मागे गरजेपेक्षा जास्त डिव्हिजन बसवून ठेवल्या.

रणगाड्यांचा मुद्दा तर टिकतच नाही. 1940 मध्ये फ्रान्सकडे रणगाडे जर्मनीपेक्षा कमी नव्हते, आणि त्यांतले काही जर्मन रणगाड्यांहून जाड चिलखताचे होते. कमी होते ते रेडिओ, आणि रणगाडे बरेचसे पायदळामागे विखुरलेले होते.

आणि आता तो न लढता शरण जाण्याचा आरोप. तटाच्या पश्चिम टोकाला ला फेर्ते नावाचा छोटा दुर्ग होता. 19 मेला तो पडला. आतले शंभराहून अधिक सैनिक भुयारात धुराने गुदमरून मेले, एकही वाचला नाही. त्यांना कोणी भित्रे म्हणावे? अल्सासमधल्या शोनेनबुर्ग दुर्गावर विमानांतून बाँब पडले, 420 मिलिमीटरच्या तोफांचा मारा झाला, तरी त्याच्या तोफा चालूच राहिल्या. 25 जूनला युद्धविराम लागू झाला तेव्हा बहुतेक मोठे दुर्ग लढत्या स्थितीत होते. पुढे फ्रेंच वरिष्ठांकडूनच हुकूम आला तेव्हा त्यांनी दारे उघडली. शोनेनबुर्ग 1 जुलैला रिकामा झाला.

हाच तट दक्षिणेला आल्प्समध्येही होता. तिथे जूनमध्ये इटलीने चढाई केली. मांतोंजवळ पाँ-सँ-लुई नावाची चौकी होती, आत अवघे नऊ जण. शहराच्या काही भागात इटालियन घुसले, पण त्या नऊ जणांनी किनाऱ्याचा रस्ता युद्धविरामापर्यंत सोडला नाही. ही नावे फिरत्या मजकुरात कधी येत नाहीत, याचे मला वाईट वाटते. आणि 1944 च्या नोव्हेंबरात हाकेनबर्ग दुर्गाच्या एका बुरुजातून जर्मनांनी अमेरिकनांना अडवले, तेव्हा तो गप्प करायला अमेरिकनांना मोठी तोफ जवळ आणावी लागली.

राहिला आपला खंदक. बेळगावच्या किल्ल्याला इंग्रज सेनानी टॉमस मन्रोचा वेढा पडला तो 1818 च्या मार्चमध्ये. त्याआधीच सातारा इंग्रजांकडे गेला होता, आष्टीला बापू गोखले पडले होते, पेशवे पळतीवर होते. सुटकेला येईल अशी फौजच उरली नव्हती. तरी आतली शिबंदी तीन आठवड्यांच्या आसपास तोफांचा मारा सोसत राहिली आणि 10 एप्रिलला किल्ला खाली झाला. ज्याने हा फोटो लावला त्याने त्याखाली ही तारीख लिहावी, आणि त्याच्या आदल्या फेब्रुवारीतली आष्टीचीही.