सिनेमात चित्रकाराचं काम काय? – एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार काका,

सिनेमा आणि चित्रकला यांच्या नात्यावर मी जो लेख लिहिला, त्यावरची तुमची प्रतिक्रिया मनापासून लिहिलेली आहे. तिला दोन ओळींत उत्तर देणं बरं दिसलं नसतं, म्हणून हे वेगळं लिहितोय. ज्यांनी ती वाचलेली नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो. सोलापूरच्या साखर पेठेत यंत्रमागाच्या धंद्यात उभं आयुष्य गेलेल्या या काकांचं म्हणणं असं : सिनेमा ही गोष्ट सांगायची कला आहे, तिचं नातं नाटकाशी आणि कादंबरीशी, चित्रकलेचं नाव जोडून लिहिणारे उगाच वजन वाढवतात. चित्र एकटा माणूस काढतो, सिनेमाला शे-दोनशे माणसं लागतात. सोलापूरचा प्रेक्षक तिकीट काढतो ते गोष्टीसाठी. ‘फँड्री’ आपल्याला भिडला तो गोष्टीमुळे. ज्या सिनेमांच्या फ्रेमचं कौतुक होतं ते बहुतेक कंटाळवाणे असतात. आणि शेवटी एक प्रश्न : माझा नातू मोबाइलवर शॉर्टफिल्म करतो, त्याला या चित्रकलेचा काय उपयोग?

देखण्या फ्रेमबद्दल आधी बोलू, कारण तिथे आपण एकमेकांच्या बरेच जवळ आहोत. धुक्यातला डोंगर, तळ्यातलं सूर्यबिंब, असं कॅलेंडरवर शोभेल ते दृश्य म्हणजे सिनेमातली चित्रकला, असं मी मानत नाही. मूळ लेखातही तसं म्हटलेलं नाही. अशा दृश्यापाशी सिनेमा अडतो आणि प्रेक्षक जांभई देतो, हे तुमचं निरीक्षण खरं आहे. मी ज्या नात्याबद्दल बोलतोय ते कामातलं नातं आहे. उजेड कुठल्या बाजूने येणार, माणूस चौकटीत कुठे उभा राहणार, त्याच्या मागे काय दिसणार, काय चौकटीबाहेर ठेवायचं, बघणाऱ्याची नजर आधी कुठे पडणार आणि मग कुठे सरकणार. चित्रकार हे निर्णय शेकडो वर्षं घेत आलेत. दिग्दर्शक आणि छायालेखक (कॅमेरा सांभाळणारा) रोज सेटवर तेच घेतात.

‘फँड्री’चंच बघा. त्याचे दिग्दर्शक नागराज मंजुळे आपल्या करमाळा तालुक्यातल्या जेऊरचे, त्यामुळे या सिनेमाबद्दल सोलापूरकर हक्काने बोलतो, ते योग्यच आहे. सिनेमाचा नायक, शाळकरी पोरगा जब्या, याच्या घरचे लोक पकडलेलं डुक्कर बांबूला बांधून खांद्यावरून नेतात तो प्रसंग आठवा. मागे शाळेची भिंत आहे. भिंतीवर बाबासाहेब, सावित्रीबाई, शाहू महाराज, गाडगेबाबा रंगवलेले आहेत. पुढून डुक्कर चाललंय. त्या वेळी कुणी काही बोलत नाही. आता हा प्रसंग गोष्ट म्हणून सांगून बघा : ‘मग त्यांनी डुक्कर घरी नेलं.’ एवढंच हाती लागतं. मागे काय आणि पुढे काय, या एका मांडणीत त्या प्रसंगाचा सगळा अर्थ आहे. शंभर वर्षांच्या समाजसुधारणेचं काय झालं, हा प्रश्न संवाद न लिहिता विचारला गेलाय, आणि तो चित्रकाराच्या पद्धतीने विचारला गेलाय. तशा भिंती आपल्या जिल्ह्यात गावोगाव आहेत, आपण रोज त्यांच्यासमोरून जातो. त्या भिंतीसमोरून नेमकं काय जाऊ द्यायचं, हे सुचणं ही माझ्या मते त्या सिनेमातली सर्वांत मोठी गोष्ट आहे. शेवटी जब्या दगड भिरकावतो, तोही थेट कॅमेऱ्याच्या रोखाने येतो. दगड गावातल्या पोरांवरच पडताना दाखवला असता तरी कथानक तेच राहिलं असतं. तो आपल्या अंगावर येतो म्हणून आपण अंधारात बसून सुटू शकत नाही.

आता नाटकाशी असलेल्या नात्याबद्दल. ते मला मान्यच आहे, पण महाराष्ट्रात सिनेमाकडे नाटकातून जी माणसं आली त्यांत पडदे रंगवणारेही होते. कोल्हापूरचे बाबूराव पेंटर संगीत नाटक मंडळ्यांचे पडदे रंगवायचे. त्यांनी स्वतः कॅमेरा घडवला, महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी केली आणि 1920 साली ‘सैरंध्री’ काढला. दृश्यांची रेखाटनं आधी हातांनी काढून मग चित्रीकरण करायची त्यांची रीत होती. सपाट रंगवलेल्या पडद्याऐवजी खोली असलेले, लांबी-रुंदी-उंचीचे सेट त्यांनी आणले. जो माणूस आयुष्यभर सपाट कापडावर खोलीचा भास निर्माण करत आला, त्यालाच त्या भासाची मर्यादा आधी कळणार. त्यांच्याच हाताखाली तयार झालेले फत्तेलाल हेही चित्रकार. फत्तेलाल आणि दामले यांनी प्रभात फिल्म कंपनीसाठी दिग्दर्शित केलेला ‘संत तुकाराम’ 1936 चा, आणि पुढच्याच वर्षी व्हेनिसच्या महोत्सवात तो गौरवला गेला. त्याही आधीचे दादासाहेब फाळके मुंबईच्या जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये आणि मग बडोद्याच्या कलाभवनात शिकलेले, राजा रविवर्म्याच्या छापखान्यात काम केलेले. 1913 च्या ‘राजा हरिश्चंद्र’ची सुरुवातीची राजा-राणी-पुत्राची मांडणी बघा, रविवर्म्याच्या चित्रातली माणसं हलू लागलीत असं वाटतं. हे नातं कुणा समीक्षकाने मागाहून चिकटवलेलं नाही. मराठी सिनेमा ज्यांनी उभा केला त्यांचे हात आधी रंगाने माखलेले होते.

आपल्या जिल्ह्याचंही यात देणं आहे. 1915 साली पंढरपुरात जन्मलेले मकबूल फिदा हुसेन मुंबईत सिनेमाची होर्डिंग रंगवून पोट भरायचे. छोट्या फोटोवर चौकटी आखायच्या, त्याच चौकटी प्रचंड कापडावर मोठ्या करायच्या आणि चेहरा उतरवायचा. रस्त्यापलीकडून ओळखू यावा म्हणून गालावर हिरवी सावली, कपाळावर नारिंगी उजेड. फ्लेक्स आल्यावर ही विद्या सोलापुरातूनही गेली, याचं मला फार वाईट वाटतं. हुसेननी पुढे फिल्म्स डिव्हिजन या सरकारी संस्थेसाठी एक लघुपट केला आणि 1967 मध्ये बर्लिनला त्याला लघुपटांचं गोल्डन बेअर मिळालं. सिनेमाच्या दारावर चित्र रंगवणारा माणूस आत जाऊन सिनेमाच करून आला.

चित्र एकट्याचं आणि सिनेमा दोनशे जणांचा, हे तुमचं वाक्य मी बराच वेळ मनात घोळवलं. याचं उत्तर तुमच्याच धंद्यात आहे. जेकार्डच्या, म्हणजे भोकांच्या कार्डांवरून नक्षी विणणाऱ्या मागाच्या, चादरीवरचा मोर आधी कुणीतरी ग्राफच्या कागदावर काढतो, त्यावरून कार्डांना भोकं पडतात, मग सूत, रंग, माग, कारागीर असे कितीतरी हात लागतात. म्हणून तो मोर चित्र नाही, असं तुम्ही म्हणाल का?

बंगाली दिग्दर्शक सत्यजित राय यांचं उदाहरण देतो, कारण गोष्ट आधी की चित्र आधी हा वाद तिथे चांगला उकलतो. ते शांतिनिकेतनच्या कलाभवनात नंदलाल बोस आणि विनोदबिहारी मुखर्जी यांच्याकडे शिकले. पुढे बिभूतिभूषणांच्या ‘पथेर पांचाली’ या कादंबरीच्या मुलांसाठीच्या संक्षिप्त आवृत्तीला त्यांनी चित्रं काढली आणि ती काढता काढता या कादंबरीचा सिनेमा त्यांना दिसू लागला. 1955 च्या त्या सिनेमाची रीतसर पटकथा नव्हती, रेखाटनांची वही होती. कादंबरीशी नातं आहेच, पण ते चित्राच्या वाटेने आलंय.

उजेडाचंही तसंच. राय यांच्याच ‘अपराजितो’साठी बनारसच्या घराचा चौक स्टुडिओत उभारला होता. खऱ्या चौकात उजेड आभाळातून सगळीकडे सारखा झिरपतो, सावल्या काळ्या पडत नाहीत. स्टुडिओच्या दिव्यांनी तो खोटा दिसला असता. छायालेखक सुब्रत मित्र यांनी वर पांढरं कापड ताणलं आणि दिव्यांचा उजेड त्यावर आदळून खाली येऊ दिला. जुन्या वाड्यात दुपारी बसलेल्या कुणालाही तो उजेड ओळखीचा वाटेल. गोष्ट तीच राहिली असती, पण त्या घरावर आपला विश्वास बसला नसता.

जुने सिनेमे तुम्ही आता मोबाइलवर बघता असं लिहिलंय, म्हणून एक विनंती. ‘संत तुकाराम’सारख्या सिनेमांची चौकट जवळजवळ चौरस आहे. आजच्या रुंद पडद्यावर भरण्यासाठी कुणी ती ताणतं, मग माणसं फुगतात. कुणी वरून-खालून कापतं, मग पगड्या आणि पावलं जातात. दोन्ही बाजूंना काळ्या पट्ट्या असलेली प्रत मिळाली तर तीच बघा.

चित्र आणि सिनेमा एकच आहेत असं मात्र मी म्हणत नाही. चित्रापुढे किती वेळ उभं राहायचं ते बघणारा ठरवतो, सिनेमात ते संकलक, म्हणजे दृश्यं कापून जोडणारा, ठरवतो. हा फरक मूलभूत आहे, आणि म्हणून सिनेमा थांबवून त्यातली एक फ्रेम मिरवणं मलाही आवडत नाही. आपल्याकडे या दोन्हींच्या मधोमध एक परंपरा आहे, सिंधुदुर्गातल्या पिंगुळीची चित्रकथी. ठाकर कलावंत पोथीतलं एकेक चित्र समोर धरतात, गातात, गोष्ट सांगतात आणि मग पुढचं चित्र समोर आणतात. चित्र किती वेळ दिसायचं हे तिथे गाणारा ठरवतो. हा खेळ पाहिल्यावर सिनेमाचे पूर्वज फक्त नाटकात शोधावेत असं वाटत नाही.

संथ सिनेमांबाबत आपलं जमेल असं दिसत नाही. दिग्दर्शक मणी कौल यांच्या ‘उसकी रोटी’त चित्रकार अमृता शेरगिलच्या चित्रांतली थांबलेली माणसं मला दिसतात आणि तिथून उठावंसं वाटत नाही. तुम्ही वीस मिनिटांत उठाल. तो आवडीचा प्रश्न आहे, त्यावर मी वाद घालणार नाही.

नातवाच्या प्रश्नाचं उत्तर मात्र पक्कं आहे. शहरातली पोरं मोबाइलवर करतात त्या बऱ्याच फिल्म मी बघतो. संवादांवर मेहनत असते. पण कलाकाराला एप्रिलच्या भर दुपारी उघड्यावर उभं केलेलं असतं. ऊन डोक्यावरून पडतं, डोळ्यांच्या खोबणीत काळोख साचतो आणि रडण्याचा प्रसंग असला तरी डोळेच दिसत नाहीत. त्याला सांगा, शूटिंगच्या जागी आधी वही-पेन्सिल घेऊन बस. एकच भिंत सकाळी, दुपारी आणि दिवस मावळताना काढ. चित्र चांगलं येण्याची गरज नाही. सावली कुठून कुठे सरकली एवढं कागदावर उतरलं तरी कॅमेरा कुठे आणि किती वाजता लावायचा हे त्याला कळेल. फिल्म झाली की मला पाठवायला सांगा, आणि सोबत वहीच्या पानांचे फोटोही.