‘विकिपीडियावरची रेल्वे म्हणजे रिकामटेकड्यांचा उद्योग’ या फॉरवर्डला उत्तर

मिरज-कराड पासवाल्यांचा आमचा एक ग्रुप आहे. एरवी त्यात गाडी कुठं आली, किती लेट, कुणी जागा धरली का एवढंच चालतं. पण परवा एक लांबलचक फॉरवर्ड येऊन पडला, वर चार लाल दिवे, खाली ‘दहा जणांना पाठवा’, आणि दोन दिवसांत तो मला तासगाव, कराड, सातारा सगळीकडून परत परत आला. त्यात म्हटलंय ते थोडक्यात असं: विकिपीडियावर रेल्वेचं जे काय आहे ते कोणीपण लिहितं म्हणून ते खोटं, लिहिणाऱ्यांना पैसे मिळतात, फालतू फालतू स्टेशनांची पानं काढून ठेवलीत आणि गाड्यांच्या वेळा मात्र धड नाहीत, जुन्या जाणत्या माणसानं खरं लिहिलं की उडवतात, खरा ज्ञानकोश म्हणजे आपला वाईचा मराठी विश्वकोश, बाकी कचरा, आणि आता एआय आलंय तर यांची गरजच काय.

मी त्या रिकामटेकड्यांतलाच एक. सात-आठ वर्षं झाली, रात्री जेवण झालं की तासभर विकिपीडियावर रेल्वेची पानं लिहायला बसतो, बायको याला ‘तुमची रेल्वेची नोकरी’ म्हणते. तेव्हा थोडं बोलणं भाग आहे.

पहिलं, ‘कोणीपण लिहितं’. लिहितंच की. त्यात लपवायचं काय? पण लिहिल्यावर पुढं काय होतं ते फॉरवर्डवाल्यानं सांगितलं नाही. त्यानं पुरावा म्हणून स्क्रीनशॉट जोडलाय, मिरज स्टेशनच्या पानावर ‘फलाट 40’ असं लिहिलेलं. चाळीस फलाट असते तर मिरजेत माणसांना राहायला जागा उरली नसती राव. तर मी त्या पानाचा ‘इतिहास’ उघडला. प्रत्येक पानाला हा टॅब असतो, तिथं कुणी, कधी, कुठला शब्द बदलला, आधी काय होतं, सगळं जसंच्या तसं साठवलेलं असतं, कुणालाही बघता येतं, लॉगिनसुद्धा लागत नाही. तो 40 कुणीतरी गंमत म्हणून घातला होता आणि नंतर दुसऱ्यानं काढून टाकला होता. म्हणजे फॉरवर्डवाल्यानं पानाची जुनी आवृत्ती उघडून तिचा फोटो काढलाय, आणि जुनी आवृत्ती उघडली की वर ‘ही जुनी आवृत्ती आहे’ अशी पट्टी येते, ती तेवढी व्यवस्थित कापलीय. याला काय म्हणायचं ते तुम्हीच ठरवा.

आता आमच्या बाजूचं पण खरं सांगतो. तो 40 चार दिवस तसाच होता. इंग्रजी विकिपीडियावर असला खोडसाळपणा पकडायला क्लूबॉट एनजी नावाचा बॉट, म्हणजे आपोआप चालणारा प्रोग्राम, बसवलाय, तो बरेचदा मिनिटभरात उलटवून टाकतो, शिवाय हजारो लोकांच्या वॉचलिस्ट, म्हणजे नजर ठेवायच्या पानांच्या याद्या असतात. मराठी विकिपीडिया 1 मे 2003 पासून आहे, पण रोज येऊन नजर ठेवणारी माणसं अजून मूठभरच. टीका करायचीच तर यावर करा, मी पण सही करतो. ‘कोणीपण लिहितं’ हा रोगच नाही, लिहिणारे कमी पडतात हा रोग आहे.

आणि ‘कोणीपण’ म्हणजे कोण तेही बघा. रेल्वेच्या पानांवर उजव्या बाजूला मार्गाची उभी रेघ असते बघा, लाल, मधे ठिपके, पूल, बोगदे, फाटे. त्या चिन्हांची सगळी पद्धत जर्मन विकिपीडियावाल्यांनी सुरू केली, चिन्हांच्या फाईलींची नावं अजून ‘बीएस’नं सुरू होतात, म्हणजे जर्मनमध्ये बाह्नस्ट्रेके, रेल्वेमार्ग. लाल म्हणजे मोठी रेल्वे, निळा म्हणजे मेट्रो, आणि बंद पडलेली लाईन फिकट रंगात. आता मिरज काढायला बसा. दोन रुळांमधलं अंतर तीन तऱ्हेचं, ब्रॉडगेज 1676 मिलीमीटर, मीटरगेज 1000, आणि बार्शी लाईट या जुन्या छोट्या रेल्वेची नॅरोगेज 762. 1971 ला पुण्याकडून ब्रॉडगेज आली तेव्हा लोंढ्याकडं मीटरगेज होतीच, पंढरपूरकडं नॅरोगेज होतीच, म्हणजे एकाच जंक्शनात तिन्ही. हे एका रेघेत दाखवायचं कसं? यावर चर्चा पानावर आमची दीड महिना डोकेफोड झाली, एक जण चेन्नईचा, एक इंग्लंडातला, कधी भारतात न आलेला पण कॅल्थ्रॉपची इंजिनं पाठ असलेला, आणि मी. नॅरोगेजचं रूपांतर होऊन आज पंढरपूरला ब्रॉडगेजच जाते, मग जुनी लाईन फिकट दाखवायची की दाखवायचीच नाही? इंग्लंडवाला म्हणाला दाखवा, चेन्नईवाला म्हणाला दोन वेगळे नकाशे करा, आजचा आणि जुना. शेवटी चेन्नईवाल्याचं ऐकलं. मला ते तेव्हा पटलं नव्हतं, आता पटतं.

(हा कॅल्थ्रॉप म्हणजे एव्हरार्ड कॅल्थ्रॉप, बार्शी लाईट त्याचीच. 1897 ला कुर्डुवाडी ते बार्शी सुरू केली, एका आसावर पाच टनाच्या वर वजन नको असा हिशेब बांधून, म्हणजे रूळ हलके, खर्च कमी. पुढं 1927 मध्ये ती मिरजेला आली. नंतर या बाबानं पॅराशूट बनवली. पॅराशूटबद्दल मला विचारू नका, मी रूळ सोडत नाही.)

दुसरं, पैसे. एक रुपया मिळत नाही. विकिपीडिया चालवणारं विकिमीडिया फाउंडेशन देणग्यांवर चालतं आणि लेख लिहायला कुणाला पगार देत नाही. कुणी बाहेरून पैसे घेऊन लिहीत असेल तर त्यानं तसं उघड सांगायचं हा 2014 पासून वापराच्या अटींतला नियम आहे, आणि तो मोडणारे सापडले की ब्लॉक होतात. एवढंच. मला पैसे मिळत असते तर मी जनरलमध्ये उभा राहून गेलो असतो का?

तिसरं, फालतू स्टेशनं. इथं मात्र माझं डोकं फिरलं. फॉरवर्डमध्ये उदाहरण दिलंय ‘शेणोलीसारख्या’ स्टेशनचं. भावा, शेणोली! 7 जून 1943, ब्रिटिश रेल्वेची पगाराची गाडी प्रतिसरकारच्या, म्हणजे इथल्या क्रांतिकारकांच्या समांतर सरकारच्या तुफान सेनेनं शेणोलीला अडवून लुटली, कॅप्टन भाऊ लाड, जी. डी. बापू लाड, कुंडलची पोरं. ज्या स्टेशनवर हे झालं ते फालतू? तिथून गाडी अर्धा मिनिट थांबून जाते म्हणून फालतू?

किर्लोस्करवाडी घ्या. ते स्टेशन आधी कुंडल रोड होतं. 1910 मध्ये लक्ष्मणराव किर्लोस्करांनी औंध संस्थानात तिथल्या माळावर कारखाना आणि वसाहत उभी केली, आणि पुढं स्टेशनाचं नावच बदललं. कारखान्यानं स्टेशनाला नाव दिलंय, उलटं नाही. कराडचं स्टेशन कराडात नाही, ओगलेवाडीत आहे, आणि ओगलेवाडी म्हणजे ओगल्यांचा काचकारखाना, प्रभाकर कंदील, आमच्या आजीच्या घरात होता एक, काच फुटलेला. सातारा आणि सातारा रोड ही दोन वेगळी स्टेशनं, साताऱ्याचं माहुलीजवळ आणि सातारा रोड कोरेगाव तालुक्यात पाडळीला, तिथं कूपरचा कारखाना. नवखा माणूस सातारा रोडला उतरून राजवाडा शोधत बसतो. एका एका स्टेशनमागं एवढं पडलंय आणि ते एका जागी लिहायचं नाही?

तरी पण, प्रत्येक स्टेशनला पान हवंच असा हट्ट विकिपीडियाचा पण नाही. इंग्रजीवर यावर भरपूर भांडणं झाली आणि आता स्टेशन आहे म्हणून आपोआप पान मिळत नाही, त्याच्याबद्दल स्वतंत्र, छापील, भरवशाचं काही लिहिलं गेलेलं पाहिजे, नाहीतर ते त्या मार्गाच्या लेखात दोन ओळीत जातं. मी केलेली दोन पानं अशीच विलीन झाली. तेव्हा राग आला होता, खोटं कशाला बोलू.

वेळांचं म्हणाल तर विकिपीडिया टाईमटेबल नाहीच, तसं धोरणातच आहे. कोयना एक्सप्रेस किती वाजता ते रेल्वेच्या अ‍ॅपवर बघायचं. लेखात ती कुठून कुठं जाते, केव्हापासून, नंबर काय, एवढंच. नंबरांचा घोळ मात्र खरा होता, कबूल. डिसेंबर 2010 मध्ये रेल्वेनं चार आकडी नंबर पाच आकडी केले, 1029 ची 11029 झाली, आणि कित्येक लेखांत जुनेच नंबर पडून होते. ते बदलत बसलेले पण हे रिकामटेकडेच.

आता चौथं, ‘जुन्या माणसानं खरं लिहिलं की उडवतात’. हे ज्यांनी अनुभवानं सांगितलं ते आमच्याच ग्रुपमधले एक काका आहेत, फॉरवर्ड पण त्यांनीच टाकला, म्हणून जपून लिहितोय. काकांचे वडील बार्शी लाईटवर होते. काकांनी मिरजेच्या पानावर लिहिलं की नॅरोगेजची शेवटची पॅसेंजर अमुक वाजता, अमुक फलाटावरून सुटायची, आणि ते कुणीतरी काढलं. काढणारा मी नव्हतो, पण असतो तरी काढलंच असतं. काका, तुम्ही खोटं बोलता असं कुणी म्हणत नाही. नियम एवढाच आहे की वाचणाऱ्याला स्वतः तपासता आलं पाहिजे. तुमचा शब्द मी मानतो कारण मी तुम्हाला ओळखतो, तुमच्या हातचा चहा प्यायलोय. नागपूरच्या माणसानं कशावरून मानायचं?

आणि डोळ्यांनी बघितलेलं सगळं एकसारखं असतं असंही नाही. शेणोलीच्या लुटीचा आकडा मी तीन गावांत तीन ऐकलाय, आणि तिन्ही सांगणारे शपथेवर तयार. जुनं सोडा, एप्रिल 2016 ला मिरजेहून लातूरला कृष्णेचं पाणी घेऊन पहिली गाडी गेली तेव्हा आपण अर्धा ग्रुप स्टेशनवर होतो की नाही? त्याबद्दलचे नंतरचे मेसेज शोधून बघा. कुणी म्हणतंय पन्नास डबे, कुणी वीस, कुणी पन्नास लाख लिटर. पहिल्या गाडीला 10 वाघिणी, म्हणजे टाकीचे डबे होते आणि पाणी 5 लाख लिटरच्या आसपास. पन्नास वाघिणींची गाडी नंतर लागली. म्हणजे मुद्दाम खोटं कुणी बोलत नव्हतं, फक्त वेगवेगळ्या दिवसांचं आठवणीत एकच झालं.

म्हणून कागद लागतो, आणि कागद म्हटला की गॅझेटियर आलं, म्हणजे सरकारनं छापलेला जिल्ह्याच्या माहितीचा ग्रंथ. साताऱ्याचं मुंबई सरकारचं गॅझेटियर 1885 चं, म्हणजे रूळ पडायच्या बेतात असतानाचं, त्यात रेल्वे म्हणावी तशी सापडत नाही. सांगलीचं 1969 चं, म्हणजे ब्रॉडगेजच्या आधीचं. त्यात भर म्हणजे सांगली जिल्हा 1949 ते 1960 दक्षिण सातारा नावानं होता, तेव्हा जुन्या कागदात ‘सातारा’ बघून नवखा हमखास फसतो. आणि रेल्वे कंपनी कुठली? आधी सदर्न मराठा, 1908 पासून मद्रास अँड सदर्न मराठा, कोल्हापूरची लाईन 1891 ला झाली ती कोल्हापूर संस्थानच्या पैशाची. हे सगळं जुळवायला बसलं की कळतं की ‘कोणीपण’ लिहू शकतं पण ‘कायपण’ टिकत नाही.

पाचवं, वाईचा विश्वकोश. त्याबद्दल मी एक वाकडा शब्द बोलणार नाही. तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशींनी उभं केलेलं काम, पहिला खंड 1976 चा, आपल्या भागाची शान. पण त्याला आणि याला कुस्तीत कशाला उतरवताय? छापलेल्या खंडात काल बदललेला गाडीचा नंबर येणार कसा? उलट मराठी विकिपीडियावरच्या कितीतरी लेखांत खाली संदर्भ म्हणून विश्वकोशच दिलेला असतो. दोघांत भांडण लावणाऱ्यानं दोन्ही वाचलेले नसावेत असा माझा संशय आहे.

राहिलं एआय. मी मुद्दाम एकाला विचारलं, सातारा रोड म्हणजे काय. म्हणाला, साताऱ्याला जाणारा एक प्रमुख रस्ता. पुढं त्या रस्त्यावरच्या हॉटेलांची यादी पण दिली. ही यंत्रं शिकतात त्यात विकिपीडियाचा मोठा वाटा आहे, जे आपण लिहिलं नाही ते त्यांना कुठून येणार.

हे सगळं मी काल ग्रुपवर टाकणार होतो, पण आधी काकांना फोन केला, उगाच चारचौघांत नको. ते म्हणाले, अरे वडिलांच्या ट्रंकेत बार्शी लाईटचं जुनं तिकीट आहे, ते लाव की पुरावा म्हणून. मी म्हटलं तिकिटाचा फोटो लेखात लावू, पण वेळेचा पुरावा म्हणून ते चालायचं नाही. रेल्वेनं छापलेलं टाईमटेबल असेल तर चालेल. थोडा वेळ फोनवर नुसता पत्र्याचा खडखडाट. मग म्हणाले, ‘आहे, पण कव्हर नाही त्याला, साल कुठलं कळत नाही.’

म्हटलं आतल्या पानावर कुठंतरी असतं, फेकू नका. रविवारी सकाळी जातोय त्यांच्याकडं, विश्रामबागला.