स्टे नसतानाही थांबलेला दावा

तालुक्याच्या दिवाणी कोर्टात एकवीस वर्षं वकिली करतेय. माझ्या एका पक्षकार मावशींचा हा दावा. वडिलांच्या जमिनीत वाटणी मागितली, तर भावांनी हक्कसोडपत्र पुढे केलं. त्यावरचा अंगठा फसवून घेतलाय, असं मावशी पहिल्या दिवसापासून सांगतायत.

मावशींचा उलटतपास अर्ध्यावर असताना समोरच्यांनी कैफियत, म्हणजे दाव्याला दिलेलं लेखी उत्तर, दुरुस्त करण्याचा अर्ज दिला. न्यायाधीशांनी तो नामंजूर केला. दोन पानी आदेश, त्यात कारण स्वच्छ लिहिलेलं: पुरावा सुरू होण्याआधी हे का मागितलं नाही, याचा खुलासा अर्जात नाही. त्याविरुद्ध भावांनी हायकोर्टात रिट अर्ज केला. स्टे, म्हणजे स्थगिती, मिळाला नाही, पण मूळ कागद वर मागवले गेले. हक्कसोडपत्रच समोर नसेल तर उलटतपास कशावर घेणार? चार वर्षं रोजनाम्यात एकच ओळ येत राहिली, 'आर अँड पी अप्राप्त', म्हणजे मूळ कागदपत्रं अजून परत आलेली नाहीत. शेवटी रिट एका परिच्छेदात फेटाळली गेली. अंगठा घेतला तेव्हा हजर असलेली थोरली बहीण, आमची एकुलती साक्षीदार, तोवर वारली होती.

मावशी दर तारखेला विचारायच्या, "ताई, साहेबांनी अर्ज काढून टाकला होता ना? मग थांबलंय कशाला?"

कायदा मावशींच्याच बाजूने बोलतो. २००२ मध्ये लागू झालेल्या दुरुस्तीने दिवाणी संहितेच्या कलम ११५ मधलं पुनरीक्षण, म्हणजे खालच्या कोर्टाचा आदेश हायकोर्टाने तपासणं, आवळलं, ते अशा मधल्या आदेशांमुळे दावे लटकू नयेत म्हणूनच. ते दार अरुंद झाल्यावर सगळे संविधानाच्या कलम २२७ कडे, म्हणजे खालच्या कोर्टांवर देखरेख ठेवण्याच्या हायकोर्टाच्या अधिकाराकडे, वळले. २००३ साली सूर्यदेव राय प्रकरणात सुप्रीम कोर्टाने सांगितलं की हा अधिकार खालच्या कोर्टाला त्याच्या हद्दीत ठेवण्यासाठी आहे आणि तो जपून वापरायचा आहे, नुसती चूक दुरुस्त करायला नाही. मनाई हुकुमांच्या अपिलांबद्दल तर १९९०च्या वाँडर निकालापासून ठरलेलं आहे: खालच्या कोर्टाने घेतलेलं मत पुराव्यावरून घेता येण्यासारखं असेल, तर 'मी असतो तर वेगळं ठरवलं असतं' एवढ्यावर निशाणी पाचचा, म्हणजे तात्पुरत्या मनाईच्या अर्जावरचा, आदेश फिरवायचा नाही.

म्हणून वरच्या कोर्टाने हातच घालू नये का? तसं मी कधीच म्हणणार नाही. मथुरा प्रकरण आठवा. १९७२ मध्ये देसाईगंजच्या पोलीस ठाण्यात एका आदिवासी मुलीवर अत्याचार झाला. सत्र न्यायालयाने तिलाच खोटारडी ठरवून दोन्ही पोलिसांना सोडलं. नागपूर खंडपीठाने तो निकाल फिरवला, कारण धाकापुढे निमूट राहणं म्हणजे संमती नव्हे. माझ्या मते हस्तक्षेप करायचा तो असा. सत्र न्यायाधीशांनी मुलीला समोर पाहिलं होतं, पण पूर्वग्रहातून. १९७८ मध्ये सुप्रीम कोर्टाने पोलिसांना पुन्हा निर्दोष सोडलं, त्याची चीड मला आजही येते. साक्षीदार डोळ्यांसमोर बोलताना पाहणाऱ्या न्यायाधीशाचा मान ठेवायलाच हवा, पण त्याने पुरावाच नीट वाचला नसेल तर तो मान कशाचा?

माझी मागणी साधी आहे. मधल्या आदेशाविरुद्धची रिट पहिल्या एक-दोन तारखांतच ऐकून दाखल करा किंवा फेटाळा. प्रमाणित नकलांवर भागत असेल तर मूळ कागद मागवू नका. आणि खालच्या न्यायाधीशांनो, स्टे नसेल तर दावा चालवा. रिट नुसती पडून आहे म्हणून दावा थांबवण्याची कायद्यात तरतूद नाही. (सुप्रीम कोर्टाने २०१८ मध्ये स्टे सहा महिन्यांनी आपोआप उठेल असं म्हटलं होतं, ते २०२४ मध्ये पाच न्यायाधीशांनी रद्द केलं. कायद्याच्या दृष्टीने ते बरोबर असेल, पण मग स्टेवर लक्ष ठेवणं हे हायकोर्टाचंच काम झालं.)

मावशींचे कागद गेल्या महिन्यात परत आले. मंगळवारी उरलेला उलटतपास आहे. सातबाऱ्याची कापडी पिशवी घेऊन त्या पहिल्या एसटीने येतील. या वेळी बरोबर बहीण नसेल.